मेंदूची रचना आणि कार्य: संशोधनाचा इतिहास

मेंदू आतून कसा आहे आणि तो काम कसं करतो याचा शोध माणूस निदान साडेतीन हजार वर्षं घेतोय. मोठ्या माणसाचा मेंदू साधारण १.३ ते १.४ किलोचा, म्हणजे शरीराच्या वजनाच्या जेमतेम २ टक्के, पण शरीर निवांत असताना जी ऊर्जा खर्च होते त्यातली जवळपास २० टक्के हा एकटा घेतो. हृदय उघडून पाहिलं तर झडपा दिसतात, कप्पे दिसतात, हा पंप असावा असा अंदाज तरी बांधता येतो. मेंदूचं तसं नाही, तो कापला तर करडा आणि पांढरा मऊ गोळा हाती येतो आणि विचार, आठवण, दुःख यातलं काहीच त्यात दिसत नाही, वर माणूस मेल्यावर तो लगेच मऊ पडून बिघडायला लागतो. म्हणून या विषयाची प्रगती दोनच गोष्टींवर झाली. एक म्हणजे बघायची नवी सोय, आणि दुसरं म्हणजे मेंदूला इजा झालेले ते पेशंट, ज्यांच्यामुळे कुठला भाग काय करतो हे कळलं. पुस्तकांत नावं संशोधकांची मोठी छापतात, पण या पेशंटांचा वाटा तेवढाच मोठा आहे.

जुना काळ: हृदय की मेंदू

मेंदूचा सगळ्यात जुना लेखी उल्लेख इजिप्तच्या एका पपायरसमध्ये (लव्हाळ्याच्या कागदावरच्या गुंडाळीत) सापडतो, एडविन स्मिथ या अमेरिकन माणसाने तो १८६२ मध्ये लक्झरला विकत घेतला म्हणून त्याच्याच नावाने ओळखला जातो. ही प्रत इ.स.पू. १६०० च्या आसपासची, मूळ मजकूर त्याहून जुना. त्यात जखमांच्या ४८ केसेस आहेत, आणि एका ठिकाणी कवटी फुटलेल्या माणसाच्या मेंदूचं वर्णन आहे: वितळलेल्या तांब्यावर उठतात तशा वळ्या, आणि बोट ठेवलं तर लहान बाळाच्या टाळूसारखी धडधड. कानशिलाला मार लागून वाचा गेलेला पेशंटही त्यात आहे. म्हणजे निरीक्षण किती बारीक होतं बघा. पण त्याच इजिप्तमध्ये ममी करताना मेंदू नाकावाटे ओढून फेकून द्यायचे आणि हृदय मात्र जपून ठेवायचे, कारण माणसाचं सगळं सार हृदयात असं ते मानत.

हा हृदय की मेंदू वाद फार लांब चालला. ग्रीसमध्ये इ.स.पू. पाचव्या शतकात अल्कमिऑनने संवेदना मेंदूत पोचतात असं मांडलं, हिप्पोक्रेटिसच्या परंपरेतल्या एका ग्रंथात फिट येण्याचा आजार देवाचा कोप नसून मेंदूचा आजार आहे असं स्पष्ट लिहिलंय, आणि एवढं झाल्यावरही ॲरिस्टॉटलने सांगितलं की बुद्धी हृदयात असते आणि मेंदू हे रक्त थंड करायचं साधन. चरकसंहितेतही डोक्याला उत्तमांग म्हटलंय पण चेतनेचं स्थान हृदयच. यात हसण्यासारखं काही नाही, भीती वाटली की छातीत धडधडतं, डोक्यात काहीच जाणवत नाही, त्यामुळे अनुभवाने पाहिलं तर हृदयच पटतं.

इ.स.पू. तिसऱ्या शतकात अलेक्झांड्रियात हिरोफिलस आणि इरासिस्ट्रेटस यांनी माणसाच्या देहाचं विच्छेदन केलं, मोठा मेंदू आणि लहान मेंदू वेगळे ओळखले, आतल्या पोकळ्यांचं वर्णन केलं, आणि संवेदना नेणाऱ्या आणि हालचाल घडवणाऱ्या नसा वेगळ्या असतात हेही सांगितलं. पुढे दुसऱ्या शतकात गेलन आला. तो आधी पेर्गामोनला ग्लॅडिएटरांचा वैद्य होता, त्यामुळे उघड्या जखमा त्याने भरपूर पाहिल्या. त्याचा गाजलेला प्रयोग डुकरावरचा: घशाकडे जाणारी नस कापली की डुक्कर धडपडत राहतं पण त्याचा आवाज बंद होतो. आवाजाची सूत्रं हृदयाकडे नसून नसांमार्फत मेंदूकडे आहेत हे लोकांसमोर दाखवून दिलेलं हे पहिलं प्रात्यक्षिक म्हणता येईल.

गेलनला माणसाचे मृतदेह कापायला मिळत नव्हते, त्याने बैल, माकडं वगैरे कापली, आणि बैलात मेंदूच्या तळाशी रक्तवाहिन्यांचं जे जाळं असतं ते माणसातही असणारच असं धरून चालला. माणसात ते जाळं नाही. तरी जवळपास तेराशे वर्षं ते शिकवलं गेलं. त्याच्याच जोडीला चौथ्या शतकापासून पोकळ्यांचा सिद्धांत रुजला, पुढच्या पोकळीत संवेदना आणि कल्पना, मधल्या पोकळीत विचार, मागच्या पोकळीत स्मृती. मेंदूचा भरीव भाग नुसतं भिंतीचं काम करतो अशी साधारण समजूत.

व्हेसालियस ते विलिस

१५०० नंतर लिओनार्दो दा विंचीने बैलाच्या मेंदूच्या पोकळ्यांत वितळलेलं मेण भरून त्यांचा खरा आकार काढला. १५४३ मध्ये आंद्रेआस व्हेसालियसने वयाच्या २८ व्या वर्षी शरीररचनेचा मोठा सचित्र ग्रंथ काढला, त्यात गेलनचं ते जाळं माणसात नाही असं ठणकावून लिहिलं, आणि आपणही आधी वर्गात जनावराचं डोकं समोर ठेवून तेच शिकवत होतो हेही कबूल केलं. मला या सगळ्या इतिहासात हा कबुलीजबाब फार मोलाचा वाटतो.

फ्रेंच तत्त्वज्ञ देकार्तने आत्म्याचं ठिकाण मेंदूतल्या पिनियल या छोट्या ग्रंथीत धरलं, ते टिकलं नाही. टिकलं ते ऑक्सफर्डच्या थॉमस विलिसचं काम. १६६४ च्या त्याच्या ग्रंथातली बरीच चित्रं ख्रिस्तोफर रेनने काढली, हाच पुढे लंडनच्या सेंट पॉल कॅथीड्रलचा वास्तुविशारद झाला. विलिसने मेंदू वरून चकत्या करत न जाता कवटीतून अख्खा बाहेर काढून खालून तपासला, म्हणून तळाशी असलेलं रक्तवाहिन्यांचं कडं नीट दिसलं, ते आजही त्याच्या नावाने ओळखलं जातं. आणि त्याने कामं पोकळ्यांकडून काढून मेंदूच्या भरीव भागाकडे दिली, हा बदल सगळ्यात महत्त्वाचा.

वीज, आणि तान

नसांमधून नेमकं काय वाहतं? गेलनपासून लोक कसला तरी सूक्ष्म वायू किंवा रस म्हणत आले होते. १७९१ मध्ये लुइजी गॅल्व्हानीने बेडकाच्या पायावरचे विजेचे प्रयोग छापले, नसांमधून वीजच वाहते असं त्याचं म्हणणं. १८५० मध्ये हर्मन हेल्महोल्ट्झने बेडकाच्या नसेतून संदेश किती वेगाने जातो हे मोजलं, सेकंदाला साधारण २५ ते ४० मीटर, आणि त्याच्याच गुरूंना हा वेग कधी मोजता येणार नाही असं वाटत होतं. विचार आणि हालचाल यांना वेळ लागतो, तो मोजता येतो, हे त्या काळच्या लोकांना पचायला जड गेलं.

दुसरीकडे फ्रांझ गॉलने कवटीच्या उंचवट्यांवरून स्वभाव सांगायचं शास्त्र काढलं, मेंदूत २७ शक्तींचे २७ भाग वगैरे. पुरावा कच्चा होता आणि त्याचा पुढे वंशभेदासाठी वाईट वापर झाला, पण मेंदूचे वेगवेगळे भाग वेगवेगळी कामं करतात हा त्यातला एक धागा खरा निघाला.

तो खरा ठरला पॅरिसजवळच्या बिसेत्रच्या रुग्णालयात. तिथे लेबोर्न नावाचा पेशंट २१ वर्षं होता, त्याला सगळं समजायचं पण तोंडातून फक्त 'तान' एवढंच निघायचं, बहुतेक वेळा दोनदा, म्हणून सगळे त्याला तानच म्हणायचे. एप्रिल १८६१ मध्ये पायाच्या संसर्गामुळे त्याला पॉल ब्रोका या सर्जनकडे आणलं आणि काही दिवसांतच वयाच्या ५१ व्या वर्षी तो गेला. ब्रोकाने मेंदू पाहिला तर डाव्या बाजूला पुढच्या भागात खालच्या अंगाला खराबी. काही महिन्यांनी लेलॉन नावाचा ८४ वर्षांचा दुसरा पेशंट, जो मोजून पाचच शब्द बोलू शकायचा, त्याच्याही मेंदूत जवळपास तीच जागा. ब्रोकाने तानचा मेंदू न कापता अख्खा जपून ठेवला, त्यामुळे २००७ मध्ये त्याचा एमआरआय करता आला आणि खराबी वरून दिसते त्यापेक्षा बरीच खोल गेल्याचं कळलं. म्हणजे एका माणसाच्या मेंदूने दीडशे वर्षांच्या अंतराने दोनदा शिकवलं.

१८७४ मध्ये २६ वर्षांच्या कार्ल वेर्निकेने उलट प्रकारचे पेशंट मांडले, बोलतात भराभरा पण अर्थ लागत नाही आणि दुसऱ्याचंही समजत नाही, त्यांची इजा डाव्या बाजूला पण मागे. त्याआधी १८७० मध्ये बर्लिनला फ्रिट्श आणि हिट्झिग यांनी कुत्र्याच्या उघड्या मेंदूला हलका विजेचा झटका देऊन विरुद्ध बाजूचे स्नायू हलवून दाखवले होते.

फिनीयस गेजची गोष्ट मात्र जरा जपून सांगावी लागते. १३ सप्टेंबर १८४८ ला अमेरिकेत व्हरमाँटमध्ये रेल्वेमार्गाच्या कामावर स्फोट होऊन १ मीटरहून लांब लोखंडी पहार त्याच्या गालातून शिरून डोक्यातून आरपार गेली आणि तो वाचला. त्याचा स्वभाव पार बदलला, तो वाया गेला असं सर्रास लिहितात. मूळ नोंदी फार थोड्या आहेत, आणि नंतर त्याने चिलीमध्ये काही वर्षं घोडागाडी हाकायचं काम केलं, जे वाया गेलेल्या माणसाला जमणारं नाही. त्याच्यावर थोडा अन्याय झालाय असं माझं मत आहे.

गॉल्जी आणि काहाल

पेशीच्या पातळीवर सगळी अडचण ही होती की सूक्ष्मदर्शकाखाली मेंदू म्हणजे नुसता गुंता दिसायचा, कुठला धागा कुठल्या पेशीचा काही कळायचं नाही. १८७३ मध्ये इटलीतल्या एका लहान गावच्या रुग्णालयात स्वयंपाकघराची प्रयोगशाळा करून काम करणाऱ्या कामिल्लो गॉल्जीने मेंदूचा तुकडा आधी पोटॅशियम डायक्रोमेटमध्ये आणि मग सिल्व्हर नायट्रेटमध्ये ठेवला, आणि पिवळसर पार्श्वभूमीवर काही मोजक्या पेशी त्यांच्या सगळ्या फांद्यांसकट काळ्याभोर उठून दिसल्या. मोजक्याच रंगल्या हीच यातली खरी करामत, कारण सगळ्या रंगल्या असत्या तर पुन्हा काळा गुंताच दिसला असता.

स्पेनच्या सान्तियागो रामोन इ काहालने हे नमुने १८८७ मध्ये माद्रिदला पाहिले आणि झपाटला. त्याला लहानपणी चित्रकार व्हायचं होतं, वडिलांनी डॉक्टरकीत घातलं, आणि दोन्ही इथे कामी आलं. त्याने रंगवायची रीत सुधारली, शिवाय पूर्ण वाढलेल्या मेंदूऐवजी पक्ष्यांचे आणि प्राण्यांचे गर्भ घेतले, कारण त्यात धाग्यांवर मायलिनचं आवरण अजून चढलेलं नसतं म्हणून ते टोकापर्यंत दिसतात. आणि त्याला दिसलं की धागे एकमेकांत मिसळत नाहीत, जवळ येतात आणि थांबतात. प्रत्येक पेशी स्वतंत्र. गॉल्जीचं मत नेमकं उलट होतं, सगळं मिळून एक अखंड जाळं. १८९१ मध्ये वाल्डेयरने या स्वतंत्र पेशीला न्यूरॉन हे नाव दिलं, १९०६ चं नोबेल दोघांना विभागून मिळालं, आणि त्या समारंभातल्या भाषणात गॉल्जीने न्यूरॉनच्या सिद्धांताविरुद्धच मांडणी केली. एकच रंग, एकच सूक्ष्मदर्शक, आणि दोन माणसांना दोन वेगळी चित्रं दिसली. निकाल लागला तो १९५० च्या दशकात, इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकात दोन पेशींमधली सुमारे २० नॅनोमीटरची फट दिसली (एक नॅनोमीटर म्हणजे मीटरचा अब्जावा भाग) तेव्हा. काहालची चित्रं आजही पाठ्यपुस्तकांत छापली जातात.

त्या जोडाला शेरिंग्टनने १८९७ मध्येच सिनॅप्स म्हटलं होतं. संदेश ही फट ओलांडतो कसा यावर वीज की रसायन असा वाद रंगला. १९२१ मध्ये ओटो लोवीने एका बेडकाच्या हृदयाची नस उत्तेजित करून त्याचे ठोके मंद केले आणि त्याच्याभोवतीचं द्रावण दुसऱ्या हृदयाला दिलं, तर तेही मंद झालं, म्हणजे रसायन. एकाच पेशीच्या आत मात्र संदेश विजेचाच असतो, त्याचं गणित हॉजकिन आणि हक्सली यांनी १९५२ मध्ये स्क्विड या समुद्री प्राण्याच्या जाडजूड ॲक्सॉनवर, म्हणजे पेशीच्या संदेश नेणाऱ्या लांब धाग्यावर, बसवलं.

एच. एम.

१९२४ मध्ये हान्स बर्गरने माणसाच्या डोक्यावरून पहिला ईईजी, म्हणजे मेंदूतल्या विजेचा आलेख, घेतला. माँट्रियलला वाइल्डर पेनफिल्ड हा सर्जन अपस्माराच्या, म्हणजे फिट येण्याच्या आजाराच्या, पेशंटांना जागं ठेवून मेंदूवर हलका करंट देई आणि काय जाणवतं ते विचारी, त्यातून हात, ओठ, जीभ यांना मेंदूत किती जागा आहे याचा नकाशा तयार झाला. याच काळात एगास मोनिझने १९३५ मध्ये मेंदूच्या पुढच्या भागातले धागे तोडायची शस्त्रक्रिया सुरू केली, तिला १९४९ चं नोबेलही मिळालं, आणि हजारो मनोरुग्णांचं त्यात कायमचं नुकसान झालं. हे पान लपवून हा इतिहास सांगू नये.

१९५३ मध्ये हेन्री मोलायसन या २७ वर्षांच्या तरुणाच्या फिट थांबवण्यासाठी मेंदूच्या दोन्ही बाजूंना आत असलेल्या हिप्पोकॅम्पस या भागाचा मोठा हिस्सा काढला. फिट कमी झाल्या, पण नवीन काही लक्षात राहीना. आत्ता भेटलेला माणूस दहा मिनिटांनी परत आला तर तो त्याला नवाच. ब्रेंडा मिल्नर या मानसशास्त्रज्ञाने त्याला आरशात बघून चांदणी गिरवायला दिली तर दर दिवशी हात सुधारत गेला, आणि हे आपण आधी कधी केलंय हे मात्र त्याला आठवायचं नाही. म्हणजे स्मृती एक नाही, प्रकार वेगळे आणि जागाही वेगळ्या. हयात असेपर्यंत त्याची ओळख फक्त एच. एम. एवढीच होती, पन्नासहून जास्त वर्षं तो न कंटाळता चाचण्या देत राहिला. २००८ मध्ये तो गेल्यावर त्याच्या मेंदूचे २,४०१ काप करून ठेवले गेले.

जिवंत मेंदू बघणं

१९७१ मध्ये पहिल्या पेशंटचा सीटी स्कॅन झाला, पाठोपाठ एमआरआय, आणि १९९० मध्ये ओगावाने रक्तातल्या ऑक्सिजनच्या फरकावरून मेंदूचा कामात असलेला भाग टिपता येतो हे दाखवलं, त्यावर एफएमआरआय उभं राहिलं. आता तानसारख्या पेशंटचा मेंदू बघायला तो जायची वाट पाहावी लागत नाही. फक्त एक लक्षात ठेवायला हवं, स्कॅनमधले ते लाल-पिवळे ठिपके म्हणजे विचार नव्हेत, रक्तपुरवठ्यातल्या फरकावर केलेलं संख्याशास्त्र आहे, आणि एकेका ठिपक्यात लाखो पेशी असतात.

न्यूरॉन एकूण किती हे सुद्धा अलीकडेच नीट मोजलं गेलं. १०० अब्ज हा आकडा वर्षानुवर्षं छापला जायचा. २००९ मध्ये ब्राझीलच्या सुझाना हर्क्युलानो-हूझेल आणि सहकाऱ्यांनी मेंदू द्रावणात विरघळवून पेशींची केंद्रकं मोजली, तर सरासरी ८६ अब्ज आली, त्यातली सुमारे ६९ अब्ज एकट्या लहान मेंदूत.

पेशी कशा जोडल्यात याचा पहिला पूर्ण नकाशा १९८६ मध्ये एका बारीक कृमीचा झाला, ३०२ न्यूरॉन. २०२४ मध्ये फळमाशीच्या अख्ख्या मेंदूचा झाला, सुमारे १ लाख ४० हजार न्यूरॉन आणि ५ कोटींवर सिनॅप्स. त्याच वर्षी माणसाच्या मेंदूच्या बाह्यभागाचा फक्त १ घन मिलिमीटरचा तुकडा नकाशात उतरला, त्यात ५७ हजार पेशी आणि जवळपास १५ कोटी सिनॅप्स मिळाले आणि माहिती १,४०० टेराबाइट झाली. तो तुकडा अपस्माराच्या एका पेशंटच्या शस्त्रक्रियेत निघालेला होता. त्यात काही ॲक्सॉन स्वतःभोवतीच गुंडाळून गाठीसारखे झालेले दिसतात, आणि ते तसे का होतात यावर अजून काम चालू आहे.