इनान्ना

इनान्ना : प्राचीन सुमेरमधील प्रेम, कामेच्छा, युद्ध आणि राजसत्ता यांची देवता. तिचे मुख्य ठाणे दक्षिण इराकमधील उरुक (आजचे वर्का) हे नगर. तेथील तिच्या मंदिराचे नाव एआन्ना, म्हणजे ‘स्वर्गाचे घर’. अक्कदी भाषकांनी तिला आपल्या इश्तारशी एकरूप केले आणि पुढे बाबिलोन व अ‍ॅसिरियात ती याच नावाने पुजली गेली. चंद्रदेव नन्ना व निनगल यांची ती मुलगी, सूर्यदेव उतू तिचा भाऊ आणि पाताळाची राणी एरेश्किगल तिची थोरली बहीण. सिंह, आठ टोकांचा तारा आणि वळवलेल्या टोकाची बोरूची जुडी या तिच्या खुणा.

देवी म्हटले की मराठी वाचकाला आधी आई आठवते. इनान्नाच्या बाबतीत ही सवय बाजूला ठेवावी लागते. लोकप्रिय लेखनात तिच्यावर सरसकट ‘मातृदेवता’ असा शिक्का मारला जातो. तो तिला लागू पडत नाही. सुमेरमध्ये ते स्थान निनहुरसगसारख्या देवतांचे होते. शारा या देवाला काही ठिकाणी इनान्नाचा मुलगा म्हटले आहे, पण तिच्या कोणत्याही मोठ्या कथेला तिच्या आईपणामुळे वळण मिळत नाही. ती तरुण, हट्टी आणि वाट्याला आलेल्यावर समाधान न मानणारी आहे. एबिह पर्वत आपल्यापुढे नमत नाही म्हणून ती त्याच्यावर चालून जाते. आकाशदेव अन तिला परावृत्त करू पाहतो, पण ती ऐकत नाही. दुसऱ्या एका कथेत ती एरिदू नगरी शहाणपणाचा देव एन्की याच्याकडे जाते. मद्याच्या भरात एन्की तिला ‘मे’ देऊन बसतो. ‘मे’ म्हणजे राज्यपद, पौरोहित्य, सुतारकाम, संभोग, नगरांची लूट, खरे बोलणे, खोटे बोलणे अशा मानवी व्यवहारांमागच्या दैवी शक्ती. त्यांची यादी शंभराच्या आसपास जाते. शुद्धीवर आल्यावर तो त्या परत मिळवण्यासाठी आपल्या दूताला धाडतो, पण तोवर तिची नाव उरुकच्या वाटेला लागलेली असते.

तिच्या पूजेचा सर्वांत बोलका जुना पुरावा म्हणजे उरुकला सापडलेले अलाबास्टरचे उंच पात्र, ‘वर्का पात्र’. उंची सुमारे 1 मीटर, काळ इ.स.पू. 3000 च्या आसपासचा किंवा थोडा आधीचा. त्यावरील कोरीवकाम खालून वर वाचायचे. तळाशी पाणी, त्यावर धान्याची रोपे, मग मेंढ्यांची रांग, त्यावर टोपल्या वाहणारे नग्न पुरुष आणि सर्वांत वर बोरूच्या दोन जुड्यांपुढे उभी राहून नैवेद्य स्वीकारणारी स्त्री. ती स्वतः देवी की तिची पुजारीण, यावर एकमत नाही. तिच्यासमोरच्या राजाची आकृती फुटली आहे. एप्रिल 2003 मध्ये बगदादच्या संग्रहालयाची लूट झाली तेव्हा हे पात्रही गेले. जूनमध्ये ते परत आले, पण तुकड्यांत.

उरुकच्याच अगदी आरंभीच्या लेखी पाट्यांमध्ये ‘सकाळची इनान्ना’ आणि ‘संध्याकाळची इनान्ना’ यांच्यासाठी वेगवेगळ्या अर्पणांची नोंद आहे. ती शुक्राची चांदणी होती आणि दोन्ही वेळा दिसणारा तारा एकच आहे, हे त्या लोकांना इतक्या लवकर कळले होते. पहाटे वा संध्याकाळी दिसणारा, मधेच काही दिवस नाहीसा होणारा आणि नंतर दुसऱ्या बाजूला उगवणारा हा ग्रह तिच्या स्वभावाशी चांगलाच जुळतो.

प्रेम आणि युद्ध ही तिची दोन वेगळी खाती नव्हती. दोन्हींत माणूस भान हरपतो, मर्यादा ओलांडतो आणि होता तसा राहत नाही. अक्कदी काव्यात लढाईला ‘इश्तारचा खेळ’ म्हटले आहे. पुरुषाची स्त्री आणि स्त्रीचा पुरुष करण्याचे सामर्थ्य एका स्तोत्रात तिच्याच हाती दिले आहे. तिच्या सेवेतही हे दिसते. ‘गला’ हे विलापगीते गाणारे पुजारी एमेसाल या सुमेरी बोलीत गात. साहित्यात हीच बोली देवी आणि स्त्रिया यांच्या तोंडी येते. इसिनचा राजा इद्दिन-दगान याच्या काळातील स्तोत्रात तिच्यापुढून जाणारी मिरवणूक वर्णिली आहे. तीत काहींनी अंगाच्या एका बाजूला पुरुषी आणि दुसऱ्या बाजूला बायकी वस्त्रे घातलेली आहेत. त्याच स्तोत्रात नववर्षाच्या वेळी राजा तिचा नवरा दुमुझी याच्या रूपाने देवीशी विवाह करतो. हा ‘पवित्र विवाह’ खरोखर विधी म्हणून पार पडे की केवळ काव्यात होता, हे अजून वादात आहे.

तिच्या कथांतली सर्वांत मोठी कथा पाताळप्रवासाची. सुमेरी पाठ सुमारे 400 ओळींचा आहे. सात ‘मे’ बरोबर घेऊन आणि साजशृंगार करून इनान्ना बहिणीच्या राज्याकडे निघते. निघताना ती सेविका निनशुबूरला बजावते की मी परतले नाही तर देवांच्या दारी जाऊन आक्रोश कर. पाताळाच्या सात दारांपैकी प्रत्येक दारात तिच्या अंगावरचे काहीतरी काढून घेतले जाते : मुकुट, राजावर्ताच्या निळ्या मण्यांची माळ, सोन्याचे कडे, मोजणीची काठी आणि अखेर वस्त्र. नग्न आणि वाकलेल्या अवस्थेत ती आत पोचते. सात न्यायाधीश तिच्याविरुद्ध निकाल देतात. तिचे प्रेत होते आणि ते खुंटीला टांगले जाते.

तीन दिवस आणि तीन रात्रींनंतर निनशुबूर दारोदार जाते. एन्लिल आणि नन्ना हात झटकतात. एन्की मात्र नखातला मळ काढून त्यातून कुरगर्रा आणि गलातूर हे दोन जीव घडवतो. ते माश्यांसारखे दाराच्या फटीतून आत शिरतात. आत एरेश्किगल प्रसववेदनेत असल्यासारखी कण्हत पडलेली असते. ती ‘अगं माझं काळीज’ म्हणते, तेही तेच म्हणतात. ती ‘अगं माझं अंग’ म्हणते, तेही तेच. पाताळाच्या राणीचे दुःख कोणी तिच्याबरोबर सोसलेले नसते. ती हरखते आणि भरलेली नदी, पिकलेले शेत देऊ करते. ते फक्त खुंटीवरचे प्रेत मागतात. माझ्या मते या कथेचा कणा हाच प्रसंग आहे. इनान्नाची सुटका कोणाच्या पराक्रमाने होत नाही, तर शत्रूचे कण्हणे ऐकून घेतल्याने होते.

पण पाताळातून कोणी फुकट सुटत नाही, बदली माणूस द्यावा लागतो. बरोबर आलेले गल्ला राक्षस निनशुबूरवर हात टाकू पाहतात, मग शारा आणि लुलाल या देवांवर. हे सारे तिच्या शोकात मातीत लोळत असतात, म्हणून ती त्यांना देत नाही. नवरा दुमुझी मात्र उंची वस्त्रे लेवून सिंहासनावर बसलेला दिसतो. ती त्याच्यावर मृत्यूची नजर टाकते. पुढे त्याची बहीण गेश्तिनन्ना अर्धे वर्ष त्याच्या जागी पाताळात जाते. या कथेचा केवळ अक्कदी पाठ उपलब्ध होता तेव्हा अभ्यासकांचा तर्क होता की देवी प्रियकराला सोडवायला खाली उतरली. निप्पूर या सुमेरी नगराच्या पाट्यांचे विखुरलेले तुकडे सुमेरी साहित्याचे अभ्यासक सॅम्युएल नोआ क्रेमर यांनी जुळवत आणले आणि उलटच निघाले : तिनेच त्याला खाली धाडले होते.

इनान्नाच्या स्तोत्रांशी जोडलेले सर्वांत महत्त्वाचे नाव एनहेदुअन्ना. ती अक्कदच्या सारगोनची मुलगी आणि उर येथील चंद्रदेवाची मुख्य पुजारीण (इ.स.पू. सुमारे 2300). बंडखोर लुगल-आने याने तिला पदावरून हाकलल्यावर तिने इनान्नाला घातलेले साकडे 153 ओळींच्या स्तोत्रात आहे. मध्यरात्री तुला जे म्हटले ते दुपारी गायकाने पुन्हा म्हणावे, असे ती त्यात सांगते. नावाने ओळखली जाणारी जगातील पहिली लेखिका म्हणून तिचा उल्लेख होतो. उपलब्ध प्रती तिच्यानंतर काही शतकांनी लिहिलेल्या असल्याने ही स्तोत्रे तिनेच रचली याबद्दल काही अभ्यासक शंका घेतात. तिची मूर्ती कोरलेली अलाबास्टरची चकती लिओनार्ड वुली यांच्या उत्खननात सापडली. त्या चकतीवर तिचे नाव आहे.

इश्तार या रूपात तिची कीर्ती दूरवर गेली, तसा तिच्याविषयीचा सूरही बदलला. उरुकचा राजा गिल्गमेश याच्या महाकाव्यात तो तिचे लग्नाचे मागणे तिच्या प्रियकरांची दुर्दशा मोजून फेटाळतो आणि ती चिडून स्वर्गीय बैल सोडते. बाबिलोनचे तिच्या नावाचे निळे प्रवेशद्वार दुसऱ्या नेबुखद्नेझरने इ.स.पू. सहाव्या शतकात सजवले. त्याची पुनर्रचना बर्लिनमध्ये आहे. दुमुझीचे नाव ‘तम्मूझ’ या रूपात टिकले. जेरुसलेमच्या मंदिराच्या दाराशी त्याच्यासाठी रडणाऱ्या बायकांचा उल्लेख बायबलमधील यहेज्केलच्या ग्रंथात आहे, आणि इराकमध्ये जुलै महिन्याला आजही तम्मूझ म्हणतात. उरुकमध्ये तिच्याच परिवारात पुजली जाणारी नानाया मात्र पूर्वेला सरकत मध्य आशियात पोचली. कुषाण नाण्यांवर ती ‘नाना’ या नावाने येते आणि काहींवर सिंहासह दिसते.