काळ विस्कटणाऱ्या तंतूंची पार्श्वभूमी

ऊर्जेचे गूढ तंतू आणि त्यांच्या सान्निध्यात मागेपुढे होणारी घड्याळे हे विज्ञानकथांतले काल्पनिक शास्त्र असले, तरी त्याचा बराचसा कच्चा माल खऱ्या भौतिकीतून उचललेला आहे. उचलताना मूळच्या अटी मात्र सोयीस्करपणे मागे राहिल्या.

यातला काळाचा धागा जुना आहे. आइन्स्टाइन यांनी १९१५ मध्ये मांडलेल्या व्यापक सापेक्षता सिद्धांतात वस्तुमान आणि ऊर्जा यांमुळे अवकाश आणि काळ दोन्ही वाकतात. कुर्ट गोडेल यांनी १९४९ मध्ये त्याच समीकरणांतून फिरत्या विश्वाची अशी उकल काढली की, त्यात पुढे पुढे जाणारा प्रवासी स्वतःच्याच भूतकाळात पोहोचतो. पुढे १९७४ मध्ये फ्रँक टिपलर यांनी वेगाने फिरणाऱ्या दंडगोलाभोवती असेच मार्ग दाखवले, पण त्यांच्या गणितातला दंडगोल अनंत लांबीचा होता.

तंतू आले ते वेगळ्याच वाटेने. लंडनच्या इंपीरियल कॉलेजमधील टॉम किबल यांनी १९७६ मध्ये असे दाखवले की, महास्फोटानंतर विश्व थंड होत असताना त्याची अवस्था सर्वत्र एकाच पद्धतीने बदलली नसेल, तर पाणी गोठताना बर्फात चिरा राहाव्यात तसे दोष अवकाशात राहून जातील. यांतले रेषेसारखे दोष म्हणजे वैश्विक तंतू. त्यांना टोक नसते. ते एक तर बंद वेटोळे असतात किंवा अनंतापर्यंत पसरलेले. अणुकेंद्रकाहूनही कित्येक पटींनी बारीक असा हा तंतू, त्याची सर्वाधिक चर्चिली गेलेली आवृत्ती धरली, तर इतका जड असतो की त्याच्या अवघ्या काही किलोमीटर लांबीत पृथ्वीएवढे वस्तुमान मावते. याकोव्ह झेल्डोविच आणि अलेक्झांडर विलेन्किन यांनी १९८० च्या सुमारास दीर्घिकांची बीजेच या तंतूंत शोधली, आणि विषयाला खरे वजन आले.

विलेन्किन यांच्या १९८१ मधील गणिताचा निष्कर्ष कथालेखकांना अडचणीचा आहे. सरळ आणि स्थिर तंतूमध्ये त्याच्या ऊर्जेइतकाच जबर ताण असतो, त्यामुळे तो शेजारच्या वस्तूला ओढतच नाही, आणि त्याच्याजवळ ठेवलेले घड्याळ पुढेही पळत नाही, मागेही पडत नाही. तंतू बिघडवतो ती भूमिती: त्याच्याभोवतीच्या अवकाशातून पाचरीसारखा एक तुकडा कापून कडा जोडल्याप्रमाणे वर्तुळ ३६० अंशांहून किंचित कमी भरते. मागच्या दीर्घिकेचा प्रकाश त्यामुळे दोन वाटांनी येतो आणि तिच्या दोन सारख्या प्रतिमा दिसू शकतात.

काळाचा आणि तंतूंचा सांधा जुळला १९९१ मध्ये. प्रिन्स्टनचे रिचर्ड गॉट यांनी दोन समांतर तंतू जवळजवळ प्रकाशवेगाने एकमेकांच्या बाजूने विरुद्ध दिशांना जात आहेत अशी कल्पना केली. पाचर कापली गेल्यामुळे तंतूला वळसा घालणारी वाट आखूड होते, आणि या आडवाटेने दोन्ही तंतूंना प्रदक्षिणा घालणारे यान निघण्यापूर्वीच परत येऊ शकते. मात्र वर्षभरातच आक्षेप आले. डेझर, जॅकिव आणि टी हूफ्ट या भौतिकशास्त्रज्ञांनी असे तंतू भौतिकदृष्ट्या संभवत नाहीत असे म्हटले. कॅरोल, फारही आणि गूथ यांनी खुल्या, म्हणजे कायम प्रसरत राहणाऱ्या विश्वात त्यासाठी पुरेशी ऊर्जाच जमवता येत नाही हे दाखवले. तर हॉकिंग यांनी निसर्गनियम अशी कालयंत्रे होऊच देत नाहीत, असे अनुमान मांडले. कथांनी गॉट घेतले, हे आक्षेप सोडले. माझ्या मते नाट्य खरे तर आक्षेपांतच अधिक आहे.

शोध थांबलेला नाही. सीएसएल-१ या नावाने ओळखली गेलेली जुळी प्रतिमा २००३ मध्ये तंतूचा पुरावा वाटली होती. २००६ मध्ये हबल दुर्बिणीच्या छायाचित्रांनी त्या दोन वेगळ्याच दीर्घिका असल्याचे स्पष्ट केले. महास्फोटाच्या अवशिष्ट प्रारणाच्या मोजमापांनी दीर्घिकांची बीजे तंतूंत नसल्याचे सांगितलेच, शिवाय तंतू किती जड असू शकतो यावर कडक मर्यादाही घातली. स्पंदक ताऱ्यांच्या, म्हणजे ठरावीक अंतराने रेडिओ स्पंद पाठवणाऱ्या ताऱ्यांच्या ठोक्यांवरून २०२३ मध्ये अतिमंद गुरुत्वीय लहरींच्या, म्हणजे अवकाश-काळातल्या तरंगांच्या, पार्श्वनादाचा पुरावा जाहीर झाला, तेव्हा संभाव्य उगमांत तंतूंचेही नाव घेतले गेले. पहिली पसंती मात्र महाकाय कृष्णविवरांच्या जोड्यांनाच आहे.