‘सेव्हन अप!’ आणि ‘द फॅमिली’: दोन पूर्वज, दोन पद्धती

ब्रिटिश टीव्हीवर सामान्य माणसं संहितेशिवाय कधी दिसू लागली, असा विषय निघाला की ही दोन नावं एका दमात घेतली जातात आणि दोन्हींवर ‘रिअॅलिटी शोचे पूर्वज’ असा शिक्का बसतो. पण दोन्हींची कामाची रीत अगदी निराळी.

‘सेव्हन अप!’ 1964 चा, ग्रॅनाडा या टीव्ही कंपनीच्या ‘वर्ल्ड इन अॅक्शन’ या चालू घडामोडींच्या मालिकेतला एकच भाग. दिग्दर्शक पॉल आमंड. वेगवेगळ्या आर्थिक थरांतली सात वर्षांची 14 मुलं समोर बसवून शाळा, पैसा, लग्न यांवर बोलतं करायची. शिवाय त्यांना एकत्र लंडनच्या प्राणिसंग्रहालयात नेलं, पार्टी दिली. म्हणजे प्रसंग घडवलेला, वागणं मुलांचं. दर सात वर्षांनी परत जायचं हे आधी ठरलेलं नव्हतं. पहिल्या भागासाठी माहिती जमवणाऱ्या मायकेल अॅप्टेडनं 1970 ते 2019 चे पुढचे भाग केले. अडचण अशी, की निवड पहिल्याच दिवशी गोठली: मुली चारच, त्यामुळे अर्धशतकभर बायकांची बाजूही तेवढीच.

‘द फॅमिली’ 1974 ची, बीबीसीची. निर्माता पॉल वॉटसन. इंग्लंडमधल्या रेडिंग गावात भाजीच्या दुकानावरच्या फ्लॅटमधलं कुटुंब, तीन महिन्यांचं चित्रीकरण, अर्ध्या तासाचे 12 भाग. इथे मुलाखत घेण्यापेक्षा वाट पाहणं जास्त. तेही स्वस्त नव्हे: 16 मिमी कॅमेऱ्यातलं 400 फुटांचं रीळ जेमतेम पावणेअकरा मिनिटं चाले आणि भांडण काही रीळ बघून पेटत नाही. आवाज वेगळ्या टेपवर. तो चित्राशी जुळवण्याचं काम संकलकाच्या माथी.

खरी गोम पुढे आहे. चित्रीकरण चालू असतानाच भाग प्रसारित होऊ लागले. घरच्यांनी स्वतःला टीव्हीवर पाहिलं, लोकांची टीका ऐकली आणि त्यावरचं त्यांचं बोलणं पुढच्या भागांत आलं. मग ‘आम्ही फक्त पाहतो’ हा दावा कसा टिकणार? कार्यक्रमाचा माणसांवर परिणाम ‘सेव्हन अप’मध्येही होतोच, पण तो दिसायला सात वर्षं जावी लागतात.

पाहताना यातली कुठली पद्धत आहे ते ओळखायची खूण सोपी: माणूस कॅमेऱ्याशी बोलतोय की घरातल्या माणसाशी?

वंशावळ मांडताना मान बहुधा ‘द फॅमिली’ला मिळतो. घरातला माहितीपट म्हणाल तर तो रास्तच. पण अनोळखी माणसं एका जागी आणून काय होतं ते बघायचं, हा आजच्या रिअॅलिटी स्पर्धांचा साचा रेडिंगच्या त्या फ्लॅटपेक्षा लंडनच्या प्राणिसंग्रहालयातल्या त्या सहलीला जास्त जवळचा आहे.