बांधावर कोर्ट कमिशनरला अडवलं तर?

तासगाव-मिरजेकडच्या बांधाच्या भांडणांत दोन समज पक्के आहेत. एक, कोर्टाने मोजणीसाठी नेमलेल्या कमिशनरला अडवलं की मोजणी बारगळते. दुसरा, अडवणाऱ्याला दिवाणी न्यायाधीश त्याच दिवशी अवमानाखाली सहा महिने आत टाकतात. दोन्ही चूक.

सहा महिने किंवा 2000 रुपये दंड, किंवा दोन्ही, ही शिक्षा 1971 च्या न्यायालय अवमान कायद्यात आहे खरी. पण खालच्या कोर्टाच्या अवमानाची कारवाई उच्च न्यायालय करतं. खालचं कोर्ट प्रकरण तिकडे पाठवतं. सातारा-सांगलीसाठी आता उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे.

खरा फटका जवळच बसतो. भूमी अभिलेखचा भूकरमापक कमिशनर म्हणून येतो, तेव्हा तो कायद्याने लोकसेवक असतो. त्याला अडवणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम 221 चा गुन्हा: तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा 2500 पर्यंत दंड, किंवा दोन्ही. हात उगारला की कलम 132, दोन वर्षांपर्यंत. मोजणीही थांबत नाही. तो अडथळ्याचा अहवाल देतो, कोर्ट पोलीस बंदोबस्त देतं. तुम्ही गैरहजर राहिलात तरी काम एकतर्फी होतं. दरखास्तीत, म्हणजे निकालाच्या अंमलबजावणीत, कोर्टाच्या बेलिफला ताबा घेऊ दिला नाही, तर दिवाणी तुरुंग 30 दिवसांपर्यंत.

मोजणी चुकली वाटते? हजर राहा, खुणा लिहून घ्या, अहवालावर लेखी हरकत द्या आणि कमिशनरची उलटतपासणी मागा. हे मात्र फारसं कुणी करत नाही. ताबा तुमचा, दाव्यातल्या पक्षकारांपासून स्वतंत्र असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21 खाली हक्क मांडता येतो.