ओबीई मिळालं म्हणजे नट 'सर' झाला का?

एक फॉरवर्ड वर्षानुवर्षं फिरतोय, की ब्रिटिश नटाला राजघराण्याकडून ओबीई किंवा सीबीई (दोन्ही 'ऑर्डर ऑफ द ब्रिटिश एम्पायर' या ब्रिटिश सन्मानाच्या पायऱ्या) मिळालं की तो 'सर' होतो. तसं नाहीये. गैरसमज होणं साहजिकच आहे म्हणा, कारण सगळे सन्मान एकाच यादीत येतात आणि मेडलवर रिबन पण तीच, गुलाबी, कडेला राखाडी.

१९१७ साली सुरू झालेल्या या सन्मानाच्या पाच पायऱ्या आहेत, खालून एमबीई, ओबीई, सीबीई, आणि 'सर' किंवा 'डेम' फक्त वरच्या दोन पायऱ्यांना लागतं. शिवाय नाइट बॅचलर नावाचा वेगळा नाइटहुड (म्हणजे 'सर' लावायचा मान) आहे, त्यानेही 'सर' लागतं. म्हणून कित्येक मोठे नट सीबीई असूनही साधे 'मिस्टर'च असतात.

तपासायचं कसं? समारंभाचा फोटो नीट बघा. नट छोट्या स्टुलावर गुडघा टेकून बसलाय आणि खांद्यावर तलवार टेकवली जातेय, तर नाइटहुड. नुसतं छातीवर मेडल लावलं तर एमबीई नाहीतर ओबीई, गळ्यात रिबन आणि तलवार नाही तर सीबीई. नक्की हवं असेल तर नवीन वर्षाची आणि राजाच्या वाढदिवसाची यादी तिथल्या राजपत्रात छापून येते, ऑनलाइन कुणालाही बघता येते.

आणि हो, 'सर' पहिल्या नावाला लागतं, 'सर जॉन', नुसत्या आडनावाला नाही.