तीन सेकंद नेमके कोणाचे? झोन बचावाची पार्श्वभूमी

शिवाजीनगर असो की मानकापूर, नागपुरातल्या संध्याकाळच्या सामन्यात एक वाद हमखास निघतो. बचाव करणाऱ्या टीमचा उंच सेंटर रिंगखाली ठाण मांडून उभा असतो आणि समोरून कोणीतरी ओरडतं, "तीन सेकंद झाले ना बे, काढ त्याला बाहेर!" पंच शिट्टी वाजवत नाहीत. ओरडणाऱ्यानं नियम कुठून उचलला ते सगळ्यांना ठाऊक असतं: रात्री टू-के (एनबीए या अमेरिकी लीगवरचा व्हिडिओ गेम) खेळून. त्याचं अगदीच चुकलेलं नसतं. गेममध्ये हा नियम आहे, पण आपल्याकडे खेळल्या जाणाऱ्या आंतरराष्ट्रीय नियमांत तो नाही आणि कधीच नव्हता. झोन (माणसाऐवजी जागा धरून केलेला बचाव) लावणं आणि झोन फोडणं ही दोन्ही कामं या एका फरकावर इतकी अवलंबून आहेत, की आधी त्याचा उगम पाहिलेला बरा.

पहिला झोन कोणी लावला याची एक गोष्ट सांगितली जाते. १९१०च्या दशकात अमेरिकेतल्या एका लहान गावात छत गळत होतं, फरशी ओली झाली होती, पोरं आपापल्या माणसामागे धावताना घसरत होती. तेव्हा कोचनं सांगितलं, माणूस सोडा, जागा धरा. गोष्ट खरी असो वा रंगवलेली, जुलै महिन्यात सिमेंटच्या कोर्टावर खेळलेल्या माणसाला ती लगेच पटते. ओल्या सिमेंटवर चेंडूवाल्याला कुठे वळायचं ते आधीच माहीत असतं. बचाववाला उशिरा वळतो आणि त्याचाच पाय सटकतो. झोनमध्ये प्रत्येकाला दोन-तीन पावलं सरकावं लागतं, तेवढं ओल्यातही जमतं. मे महिन्यात पारा ४५ च्या पुढे गेला की झोनकडे वळायचं कारण बदलतं, तिथे प्रश्न दम टिकवण्याचा असतो. उघड्या मैदानावर वारा असला तर लांबचे शॉट भरकटतात, म्हणजे झोनवरचा मुख्य उताराच कमकुवत होतो. नागपुरात झोन इतका का चालतो, याचं अर्धं उत्तर हवामानात आहे.

मूळ 'तीन सेकंद' मात्र हल्ला करणाऱ्यांसाठी आले. १९३० च्या दशकात उंच खेळाडू रिंगखाली उभे राहून चेंडूची वाट पाहू लागले. रेटारेटी वाढली आणि १९३६ मध्ये त्यांच्यावर वेळेचं बंधन आलं. हे बंधन ज्या पट्ट्यात लागू होतं ती 'की', म्हणजे रिंगखालून फ्री थ्रो रेषेपर्यंतची आखलेली जागा, तेव्हा फक्त ६ फूट रुंद होती. अमेरिकी व्यावसायिक लीगनं (आजची एनबीए) एका धिप्पाड सेंटरपायी ती १९५१ मध्ये १२ फूट केली आणि दुसऱ्यापायी १९६४ मध्ये १६ फूट. आज आपल्या कोर्टावरची ४.९ मीटर रुंदी म्हणजे जवळपास हेच १६ फूट.

आंतरराष्ट्रीय नियमांत हे बंधन आजही हल्ल्यापुरतंच आहे आणि त्याच्या अटी नीट वाचणारे कमी. मोजणी सुरू होते ती आपल्या टीमकडे पुढच्या कोर्टात चेंडूचा ताबा असताना आणि घड्याळ चालू असताना. साइडलाइनवरून चेंडू आत टाकला जाईपर्यंत घड्याळ थांबलेलं असतं, म्हणून तेव्हा मोजणी नाही. शॉट हातातून सुटला की ताबा संपतो, म्हणून रिबाउंडच्या (न पडलेल्या शॉटचा चेंडू मिळवण्याच्या) झटापटीत कोणी पाच सेकंद आत राहिला तरी उल्लंघन होत नाही. बाहेर जायला निघालेल्याला आणि शॉट मारत असलेल्याला सूट मिळते. कीच्या रेषा कीचाच भाग धरतात. बाहेर पडणं म्हणजे दोन्ही पाय बाहेर. एक पाय बाहेर टेकवून पुन्हा आत घेणाऱ्यावर शिट्टी वाजते ती यामुळेच, आणि ती बरोबर असते.

आता गुंत्याकडे. अमेरिकी लीगनं जानेवारी १९४७ मध्ये, पहिलाच हंगाम अर्ध्यावर असताना, झोनवर सरसकट बंदी घातली. कारण धंद्याचं होतं: पाचही जण रिंगभोवती गोळा झाले की खेळ थांबतो आणि तिकीट काढून आलेला माणूस जांभया देतो. शॉट क्लॉक, म्हणजे ठरावीक वेळेत शॉट मारायला लावणारं घड्याळ, तेव्हा नव्हतंच. ते आलं १९५४ मध्ये, २४ सेकंदांचं. खरं तर वेळकाढूपणावरचा इलाज ते घड्याळच होतं, आणि ते आल्यावर झोनबंदी उठवायला हरकत नव्हती. पण बंदी राहिली, ५४ वर्षं. इतक्या काळात ती पाळून घेणं हाच एक उद्योग होऊन बसला. चेंडूपासून दूर असलेल्या बचावपटूनं कोर्टाच्या कुठल्या पट्ट्यात थांबायचं, कुठून निघायचं, याचे नियम झाले. पहिल्या चुकीला इशारा आणि पुढच्या चुकीला टेक्निकल फाऊल. बघणाऱ्याला काही कळत नसे आणि पंचांनाही रोज नवी अडचण येई.

हल्ला करणाऱ्या कोचना मात्र कळलं. शॉट न जमणारे तीन खेळाडू एका बाजूला लांब उभे करायचे. नियमामुळे त्यांच्या बचावपटूंना त्यांच्याजवळच राहावं लागे. दुसरी बाजू रिकामी व्हायची आणि तिथे एकास एक. बंदी आणली होती खेळ हलता राहावा म्हणून, आणि तिनंच दहातले सहा जण बघे करून टाकले. १९९८-९९ च्या छोट्या हंगामात टीममागे सामन्याची सरासरी ९१.६ गुणांपर्यंत घसरली.

२००१ मध्ये बंदी उठली, पण पूर्ण नाही. झोन लावा, मात्र बचावपटूनं कोणाला तरी हाताच्या अंतरावर राहून अडवत नसेल तर कीमध्ये सलग तीन सेकंदांपेक्षा जास्त थांबायचं नाही. थांबला तर समोरच्याला एक फ्री थ्रो आणि चेंडूही त्यांच्याकडेच. हाच तो 'डिफेन्सिव्ह थ्री सेकंद'. यावर तेव्हाही दोन तट होते. झोन मोकळा सोडला तर उंच सेंटर रिंगखालून हलणार नाही, उड्या मारून चेंडू टाकणारे खेळाडू, ज्यांच्यासाठी लोक येतात, ते बंद पडतील, असं एका बाजूचं म्हणणं. दुसरी बाजू म्हणे, जगभर सगळे मोकळ्या झोनविरुद्ध खेळतात, तुम्हालाच काय अडचण? नियमाच्या बाजूनं बोलायचं तर लीगला हवी ती मोकळी की मिळाली. पण हा बचाव शिकवण्याचा नियम नव्हे, प्रेक्षकांची सोय आहे, आणि तो तसाच वाचला पाहिजे. गुण लगेच वाढलेही नाहीत: २००३-०४ मध्ये सरासरी ९३.४ होती. २००४-०५ मध्ये ती ९७.२ झाली, आणि त्याचं श्रेय बरेचजण त्या वर्षी हात लावून अडवण्यावर आलेल्या कडक बंधनाला देतात.

अर्ध्या झोनवर वाढलेल्या खेळाडूंना पूर्ण झोन भेटला की काय होतं, ते २००४ च्या अथेन्स ऑलिम्पिकमध्ये दिसलं. पोर्तो रिकोनं अमेरिकेला ९२-७३ असं हरवलं. अमेरिकेचे तीन गुणांचे २४ पैकी ३ शॉट पडले. समोरचे झोनमध्ये आकसून बसले होते आणि बाहेरून मारणारं कोणी नव्हतं. त्याआधी २००२ च्या जागतिक स्पर्धेत, घरच्या मैदानावर, हीच टीम तीन सामने हरली होती. पुढे व्यावसायिक लीगमध्येही झोन हळूहळू रुजला. २०११ च्या अंतिम मालिकेत विजेत्यांनी तो मधूनमधून लावून समोरच्यांची लय मोडली, २०१९ मध्ये एका नेमबाजाभोवती बॉक्स-अँड-वन (चौघं झोनमध्ये, एक त्या नेमबाजामागे) लागला. पण या सगळ्यांत सेंटर दर तीन सेकंदांनी बाहेर पाय टाकून परत येतोच. तिथले कोच त्याला 'दोन पूर्णांक नऊ' म्हणतात. २.९ सेकंद आत, मग बाहेर, मग पुन्हा आत.

गेम इथे येतो. टू-के १९९९ पासून त्या लीगचीच नक्कल करत आलाय, म्हणून नियमही तिचेच. संगणक चालवत असलेला सेंटर २-३ झोनमध्ये (वर दोघं, रिंगजवळ तिघं) आपणहून बाहेर पाय टाकतो. शिट्टी बहुधा तुम्ही स्वतः चालवत असलेल्या खेळाडूवर वाजते, कारण त्याला आत उभा ठेवून तुम्ही चेंडूकडे बघत बसता. ऑनलाइन खेळात चेंडूवाल्याला संगणकावर सोडून स्वतः कीमध्ये दडणाऱ्यांवर सगळे चिडतात. त्या दडण्यालाही हाच एक लगाम आहे. झोन फोडायचा तर सेंटरचा पाय बाहेर पडतो तो क्षण धरायचा. फ्री थ्रो रेषेवर खेळाडू उभा हवा, चेंडू आधीच विंगवर, म्हणजे साइडलाइनकडच्या बाजूला, हवा. प्लेस्टेशनवर एल-१ दाबून धरून वरच्या दोघांपैकी एकावर स्क्रीन (साथीदारानं त्याची वाट अडवणं) मागवला की खालच्या बाजूच्या बचावपटूला दोन जण एकट्यानं सांभाळावे लागतात. तेव्हा आर-१ नं खेळाडू निवडून थेट कोपऱ्यात पास. उंच लांब पास टाळावा. तो हवेत रेंगाळतो आणि कापला जातो.

हेच डोकं घेऊन पोरगा शिवाजीनगरला आला की दोन गोष्टी बिघडतात. पहिली, तो सेंटर बाहेर पडायची वाट बघतो. सेंटर पडत नाही, पडायची गरजच नाही, आणि २४ सेकंदांतले दहा वाया जातात. दुसरी जास्त महागात पडते: बचावात असताना सवयीनं तो स्वतःच कीच्या बाहेर पाय टाकतो, नेमका तेव्हा शॉट येतो आणि रिबाउंड जातो. रिबाउंड समोरच्यांना मिळाला की २०१४ पासूनच्या नियमानं त्यांना आणखी १४ सेकंद मिळतात. उन्हात त्या १४ सेकंदांचा बचाव सगळ्यांत जड.

कोपऱ्याचंही तसंच. गेममधल्या, म्हणजे अमेरिकी कोर्टावर, तीन गुणांची रेषा समोरून ७.२४ मीटर आणि कोपऱ्यात ६.७० मीटर. फरक ५४ सेंटिमीटरचा, म्हणून कोपऱ्यातला शॉट हा तिथला स्वस्त माल. आपली रेषा १९८४ पासून ६.२५ होती, २०१० मध्ये ६.७५ झाली, कोपऱ्यात ६.६०. फरक फक्त १५ सेंटिमीटर. वर कोपऱ्यात रेषा आणि साइडलाइन यांत ९० सेंटिमीटरच जागा, मागून बोर्डचा आधार नाही. त्या शॉटसाठी अख्खी योजना आखावी इतका तो आपल्याकडे स्वस्त नाही.

मोकळ्या २-३ झोनवरचा जुना उतारा अजूनही मधूनच जातो. वर दोन बचावपटू असतील तर समोर एक ठेवावा, दोन नाही. दोन विंग, एक फ्री थ्रो रेषेवर, एक बेसलाइनवर (रिंगमागच्या सीमारेषेजवळ) कीबाहेर, म्हणजे १-३-१. मधल्याकडे चेंडू गेला की वरचे दोघे आत वळतात आणि सेंटरला ठरवावं लागतं: पुढे यायचं की बेसलाइनवाल्याला धरायचं. मधल्यानं चेंडू मिळताच आधी रिंगकडे तोंड करावं. पाठ करून ड्रिबल मारला की डाव मेला. पास एका बाजूनं दुसऱ्या बाजूला किमान दोनदा फिरवावा, कारण झोन पहिल्या फेरीत क्वचितच फाटतो. आणि रिबाउंडला तिघं पाठवावेत. झोनमध्ये कोणाला कोणाचा माणूस अडवायचा हे ठरलेलं नसतं, ही त्याची कायमची भेग आहे.

शालेय स्पर्धांत झोन चालू द्यावा का, हा वेगळा वाद. चौदा वर्षांखालच्या मुलांना ६.७५ वरून शॉट पोचवणंच कठीण, त्यामुळे पाच जण कीमध्ये उभे केले की सामना जिंकता येतो, आणि काही कोच तेच करतात. जपाननं पंधरा वर्षांखालच्या गटात झोन बंद केला. आपल्याकडे चषक आधी मोजतात.

एक घोळ कोर्टावरच्या जुन्या आखणीचाही आहे. २०१० पर्यंत आंतरराष्ट्रीय की समलंब होती: बेसलाइनला ६ मीटर, फ्री थ्रो रेषेला ३.६ मीटर. मग ती सरळ आयत झाली, ४.९ मीटरची. ज्या कोर्टावर तेव्हापासून नव्यानं आखणी झालेली नाही, तिथे बेसलाइनजवळ खेळाडू प्रत्येक बाजूला ५५ सेंटिमीटर विनाकारण लांब उभा राहतो. फ्री थ्रो रेषेपाशी उलट, जुन्या रेषेबाहेर निर्धास्त उभा असलेला माणूस नव्या मापानं ६५ सेंटिमीटरपर्यंत आत असतो. झोन फोडायला उभा केलेला माणूस नेमका तिथेच असतो. आठवडाभर तसल्या कोर्टावर सराव करून मानकापूरला सामना खेळायला गेलं, की पहिल्या पाच मिनिटांत त्याच्यावर तीन सेकंदांच्या दोन शिट्ट्या वाजतात, आणि या वेळी पंच बरोबर असतात.