सँक्शन नाकारलं आणि केस क्वॅश झाली, हे एकच आहे का?

"साहेबांवरची केस उडाली" असं कुणी सांगितलं की माझा पहिला प्रश्न असतो, कशाने उडाली? सरकारने सँक्शन दिलं नाही म्हणून, की हायकोर्टाने क्वॅश, म्हणजे रद्द केली म्हणून? समोरचा म्हणतो अहो एकच ना ते, सुटले ना शेवटी. बातम्यांतही दोन्हीला "मोठा दिलासा" हेच हेडिंग, त्यामुळे लोकांचा तरी काय दोष. पण यात निर्णय देणारा वेगळा, प्रश्न वेगळा, आणि पुढे काय होऊ शकतं ते तर फारच वेगळं.

आधी सँक्शन, म्हणजे खटला चालवायची मंजुरी. सीआरपीसीत, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या जुन्या कायद्यात, हे कलम १९७ होतं, १ जुलै २०२४ पासून त्याच्या जागी बीएनएसएस लागू झाली आणि तेच आता २१८ झालंय. ज्या अधिकाऱ्याला सरकारच्या मंजुरीशिवाय पदावरून काढता येत नाही, त्याच्यावर ड्युटी करताना किंवा ड्युटी म्हणून केलेल्या कामाबद्दल आरोप असला, तर सरकारची आधी मंजुरी असल्याशिवाय कोर्ट त्या गुन्ह्याची दखलच घेऊ शकत नाही. सरसकट सगळ्या सरकारी माणसांना हे कवच आहे असं लोकांना वाटतं, तसं नाहीये. तलाठ्याला काढायला मंत्रालयापर्यंत जावं लागत नाही, म्हणून त्याला १९७ नाही. पण तोच लाच घेताना एसीबीच्या ट्रॅपमध्ये सापडला तर भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्याचं कलम १९ लागतं, आणि तिथे त्याला नोकरीवरून काढू शकणाऱ्या अधिकाऱ्याची मंजुरी लागतेच.

सँक्शन देणारा साहेब दोषी आहे का नाही हे ठरवत नाही. समोर आलेले कागद बघून या माणसावर खटला चालू द्यायचा का, एवढंच बघतो. म्हणजे हा दारावरचा पहारा झाला, आतला न्याय नव्हे.

क्वॅशिंगचं काम हायकोर्टाचं. आधी सीआरपीसीचं कलम ४८२, आता बीएनएसएसचं ५२८. इथे प्रश्न असा, की एफआयआरमध्ये लिहिलेलं सगळंच्या सगळं खरं धरलं तरी गुन्हा होतो का? होत नसेल तर माणसाला वर्षानुवर्षं तारखांना कशाला फिरवायचं. आणि ही अर्जी सरकारी माणूसच करू शकतो असं काही नाही, भांडणातला शेजारीपण करतो. निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या २०२१ च्या निकालात सुप्रीम कोर्टाने बजावलंय की क्वॅशिंग हा अपवाद आहे, ऊठसूट तपास थांबवू नका.

आता एक काल्पनिक केस घेऊ. प्रांत साहेबांनी जमिनीच्या वादात एका पार्टीच्या बाजूने ऑर्डर दिली, दुसरी पार्टी चिडली आणि गुन्हा दाखल करून बसली. तक्रारीत एवढंच असेल की ऑर्डर नियमात बसत नाही, तर भाऊ त्यासाठी वर अपील आहे, चुकीची ऑर्डर म्हणजे आपोआप गुन्हा नाही, अशी एफआयआर क्वॅश होण्याला चांगला वाव असतो. पण तक्रारीत पैसे मागितल्याचं असेल, किंवा मागची तारीख टाकून खोटा कागद घुसवल्याचं असेल, तर हायकोर्ट सहसा म्हणणार तपास होऊ द्या. आणि तिथे १९७ चीही ढाल फार टिकत नाही, कारण लाच मागणं किंवा खोटं रेकॉर्ड बनवणं हे काही ऑफिसचं काम नव्हे, असं कोर्टांनी बऱ्याचदा म्हटलंय. माझ्या मते प्रामाणिक अधिकाऱ्याला खरी गरज क्वॅशिंगची असते, सँक्शनच्या मागे मात्र प्रामाणिक आणि भ्रष्ट, दोन्ही प्रकारचे लपतात.

आपल्याकडचं ठळक उदाहरण म्हणजे मुंबईतला आदर्श सोसायटी घोटाळा. माजी मुख्यमंत्री अशोक चव्हाणांवर खटला चालवायला राज्यपाल के. शंकरनारायणन यांनी डिसेंबर २०१३ मध्ये मंजुरी नाकारली. नंतरचे राज्यपाल सी. विद्यासागर राव यांनी फेब्रुवारी २०१६ मध्ये ती दिली. म्हणजे नाकारलेलं सँक्शन परत येऊ शकतं. पुढे २२ डिसेंबर २०१७ ला मुंबई हायकोर्टाने ही २०१६ ची मंजुरी रद्द केली, कारण एकदा नाकारल्यावर परत विचार करायला पुरावा म्हणून टिकेल असं नवीन काहीतरी हवं, ते इथे नव्हतं. तेव्हा सगळीकडे "क्लीन चिट" चाललं होतं, पण रद्द झाली ती मंजुरी, आरोप खरे की खोटे हे त्या निकालाने ठरवलंच नव्हतं.

गोंधळ खरा होतो तो दोन्ही एकत्र येतात तिथे. सँक्शन नाही या एकाच कारणावरही हायकोर्ट केस क्वॅश करू शकतं. मग ऑर्डरवर "क्वॅश" लिहिलेलं असतं पण आतून तो सँक्शनचाच मामला असतो, सरकारने नीट मंजुरी दिली की केस पुन्हा उभी राहू शकते. नंजप्पा विरुद्ध कर्नाटक (२०१५) मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की मंजुरीच सदोष असेल तर तो खटला खटलाच नव्हता, त्यामुळे नव्याने मंजुरी घेऊन परत चालवायला आडकाठी नाही. म्हणून ऑर्डरचं शेवटचं पान वाचायचं, क्वॅश कशामुळे ते तिथे कळतं. आणि आता बीएनएसएसमध्ये सरकारने १२० दिवसांत निर्णय घेतला नाही तर मंजुरी दिली असंच धरतात, फाईल दाबून ठेवायची जुनी सोय गेली.

क्वॅशिंग टिकतंच असंही नाही हं. क्वॅशिंगच्या जवळपास प्रत्येक अर्जात ज्याचा दाखला असतो तो भजनलालचा निकाल, हरियाणाच्या माजी मुख्यमंत्र्यांवरच्या बेहिशोबी मालमत्तेच्या तक्रारीचा. क्वॅश कधी करावं याचे सात प्रकार त्यात दिलेत, कायद्याने सरळ मनाई असेल तर, हा त्यातलाच एक, सँक्शन नसणं त्यातच बसतं. पण त्या केसमध्ये हायकोर्टाने एफआयआर क्वॅश केली होती आणि सुप्रीम कोर्टाने ती परत जिवंत केली, रद्द केला तो फक्त तपास, कारण करणाऱ्या पोलीस अधिकाऱ्याला तसा कायदेशीर अधिकारच नव्हता.